युतीच्या लढाईत किल्ला पडतो तेव्हा आत कोण असतं? कुलाबा १७२१, विजयदुर्ग १७५६ आणि पुढे

थळचा_किनारा (मूळ धागा)

युतीच्या लढायांची चर्चा निघाली की बहुतेकदा संख्येवर येऊन थांबते. कोणाकडे किती जहाजं, किती माणसं, किती तोफा. आपल्या किनाऱ्यावरच्या अठराव्या शतकातल्या लढाया मांडून पाहिल्या तर निकाल वेगळ्याच तीन गोष्टींवर लागलेला दिसतो. हुकूम कोणाचा चालणार, एकाने परस्पर तह केला तर काय, आणि जिंकलेली जागा नेमकी कोणाच्या हातात पडणार. युद्धाआधी हे ठरलं नसेल तर मोठी युतीही मोडते. कागदावर ठरलं असेल पण अंमलाची सोय नसेल, तर युती जिंकते आणि एक भागीदार हरतो.

पहिलं उदाहरण अलिबागचं. १७१७ ते १७२० या काळात मुंबईकर इंग्रजांनी विजयदुर्ग आणि खांदेरीवर स्वतःच्या बळावर हल्ले करून पाहिले, आणि प्रत्येक वेळी कान्होजी आंग्र्यांनी ते परतवले. म्हणून १७२१ मध्ये गव्हर्नर चार्ल्स बून यांनी पोर्तुगीजांशी करार केला. अलिबागसमोरचा कुलाबा किल्ला पडला तर पोर्तुगीजांचा, विजयदुर्ग पडला तर इंग्रजांचा, आणि दोघांपैकी कोणी एकट्याने आंग्र्यांशी तह करायचा नाही. मदतीला कमोडोर मॅथ्यूजच्या हाताखाली इंग्लंडच्या राजाच्या आरमाराची चार जहाजं आली होती. गोव्याचे विसरेई (पोर्तुगीज व्हाइसरॉय) स्वतः चौलला आले. दोन्ही सैन्यं मिळून सहा हजारांच्या आसपास.

डिसेंबरच्या अखेरीस हल्ला झाला आणि फसला. बाजीराव घोडदळ घेऊन घाट उतरले, त्यांचा दाब पोर्तुगीजांच्या छावणीवर आला, आणि जानेवारी १७२२ मध्ये पोर्तुगीजांनी मराठ्यांशी वेगळा तह केला. इंग्रज किनाऱ्यावर एकटे पडले आणि सामान जहाजांवर चढवून परतले.

परस्पर तह न करण्याचं कलम करारात होतंच, तरी मोडलं. का मोडलं यावर बोलू या.

---

रेवदंडा_आगर

कारण भूगोलात आहे. पोर्तुगीजांचा मुलूख जमिनीला लागून होता: चौल, साष्टी, वसई, वर दमणपर्यंत. बाजीरावांचं घोडदळ कुलाब्यासमोरून हललं असतं तर दोन दिवसांत चौलच्या भातशेतीत शिरलं असतं. इंग्रजांकडे तेव्हा मुंबई बेट. भोवती पाणी, घोडदळाला पोचायला वाटच नाही. एकाच करारावर सही करणाऱ्या दोघांचा धोका इतका वेगळा होता, की पराभवाची किंमत एकालाच मोजावी लागणार होती. तसा भागीदार आधी तह करतो. त्याला विश्वासघात म्हणा, पण त्या जागी बसलेला कोणीही बहुधा तेच करील.

दुसरा मुद्दा पाण्याचा. कुलाबा ओहोटीला पायी गाठता येतो, भरतीला चहूबाजूंनी पाणी. म्हणजे तटाला शिड्या लावणाऱ्या तुकडीला मोजकेच तास मिळतात. तेवढ्यात चढाई झाली नाही तर मागे पाणी चढतं, कुमक येत नाही. शिवाय मोठी इंग्रजी जहाजं उथळ, खडकाळ पाण्यामुळे तटाजवळ येऊ शकत नव्हती. लांबून डागलेल्या गोळ्यांनी असा तट फुटत नाही. किनाऱ्यावर कान्होजींनी १७२० मध्ये बांधलेला हिराकोट होताच. अशा जागी दोन सैन्यांना एकाच ओहोटीवर निघावं लागतं, आणि त्यासाठी हुकूम देणारा एक हवा. इथे दोन होते, आणि दोघांचं एकमेकांशी पटत नव्हतं.

---

वाघोटन

थळचा_किनारा, धाग्याच्या नावातल्या प्रश्नाचं खरं उत्तर विजयदुर्गला मिळतं. जरा सविस्तर लिहितो.

१९ मार्च १७५५ चा करार. एका बाजूला नानासाहेब पेशव्यांच्या वतीने रामाजी महादेव, दुसऱ्या बाजूला मुंबईचे गव्हर्नर रिचर्ड बुर्शिये. शत्रू कान्होजींचा मुलगा तुळाजी आंग्रे. मुख्य कलमं अशी: आरमाराचा हुकूम इंग्रजांकडे, समुद्रातून तुळाजीची रसद तोडायचं काम इंग्रजांचं, जमिनीवरचं मराठ्यांचं, बाणकोट, म्हणजे हिंमतगड, आणि पाच गावं इंग्रजांना कायमची, पडलेल्या किल्ल्यांतला तोफा-दारूगोळा पेशव्यांचा.

पहिल्या वर्षी करार चालला. कमोडोर जेम्स 'प्रोटेक्टर' हे ४४ तोफांचं जहाज, 'स्वॅलो' आणि दोन बाँबफेकी जहाजं घेऊन सुवर्णदुर्गावर गेला. एप्रिल १७५५ मध्ये किल्ला पडला आणि ठरल्याप्रमाणे पेशव्यांकडे दिला गेला. बाणकोट इंग्रजांना मिळालं. पुढे पावसाळा जवळ आल्यामुळे मुंबईने जेम्सला परत बोलावलं.

दुसऱ्या वर्षी चित्र पालटलं. अ‍ॅडमिरल वॉटसनचं राजाचं आरमार आणि क्लाइव्हचं सैन्य मुंबईत होतं. निघण्याआधी इंग्रज अधिकाऱ्यांची मुंबईत बैठक झाली, आणि लूट कोणाला किती मिळायची याचे हिस्से ठरले. त्या वाटणीत मराठ्यांचा हिस्सा नव्हता. ही बैठक मला या मोहिमेतली सगळ्यात महत्त्वाची घटना वाटते, कारण १९ मार्चचा करार खऱ्या अर्थाने तिथेच मोडला.

७ फेब्रुवारी १७५६ ला आरमार निघालं, ११ ला विजयदुर्गासमोर आलं. तुळाजी त्या वेळी स्वतः मराठ्यांच्या छावणीत बोलणी करत होता, किल्ला त्याच्या मेहुण्याकडे होता. म्हणजे पेशव्यांचे सरदार न लढता किल्ला मिळवायच्या बेतात होते. वॉटसनने १२ तारखेला तोफा सुरू केल्या. एक गोळा 'रेस्टोरेशन' या जहाजावर पडला. हे जहाज तुळाजीने पूर्वी इंग्रजांकडूनच जिंकलेलं. ते पेटलं, आणि खाडीत एकमेकांना बांधून ठेवलेल्या गुराबा-गलबतांना (लढाऊ जहाजांना) आग लागत गेली. आंग्र्यांचं अर्ध्या शतकाचं आरमार त्या दिवशी जळालं.

त्या रात्री क्लाइव्ह किनाऱ्यावर उतरला आणि त्याने आपलं सैन्य किल्ला आणि मराठ्यांची छावणी यांच्या मधोमध उभं केलं. हेतू उघड होता: शरण येणाऱ्यांनी मराठ्यांकडे जाऊ नये. १३ ला किल्ल्यावर इंग्रजी निशाण चढलं. सुमारे १० लाख रुपयांची लूट झाली, ती इंग्रजांनी आपसांत वाटली. किल्ला पेशव्यांना मिळायला १२ ऑक्टोबर १७५६ चा पुण्याचा तह व्हावा लागला, आणि त्या बदल्यात बाणकोटजवळची आणखी गावं गेली. मधले आठ महिने इंग्रज किल्ल्यात बसून होते.

---

हर्णैकर

वाघोटन यांचा प्रतिसाद उत्तम. सुवर्णदुर्गाबद्दल एक भर घालतो, कारण तिथेच पुढच्या गोष्टीची बीजं दिसतात.

सुवर्णदुर्ग बेटावर, समोर किनाऱ्यावर कनकदुर्ग, फत्तेगड आणि गोवा किल्ला. हे तीन किल्ले जमिनीच्या बाजूचा पहारा देत. जेम्सने आधी पश्चिमेकडून, मोकळ्या समुद्रातून तोफा डागल्या, पण खालचा तट कातळातच कोरलेला असल्याने फुटेना. मग पाण्याची खोली मोजून तो किनाऱ्याच्या बाजूच्या चॅनेलमध्ये शिरला. तिथून मारा केल्यावर आत आग लागली आणि दारूकोठार उडालं. मराठी आरमार सोबत होतं, पण ते लांबच राहिलं.

यातून इंग्रजांना दोन गोष्टी कळल्या. किल्ल्याजवळची खोली त्यांना माहीत झाली, आणि मराठ्यांशिवाय किल्ला पाडता येतो हेही. भागीदाराची गरज नाही असं ज्याला वाटू लागतं, तो करार आपल्या सोयीने वाचतो. पेशव्यांच्या लोकांनी १७५५ च्या पावसाळ्यात यावर विचार करायला हवा होता. अंजनवेल, गोवळकोट घेण्यात त्यांचं सैन्य गुंतलं होतं हे खरं, पण विजयदुर्गासाठी वॉटसनसारखं आरमार येणार म्हटल्यावर 'किल्ल्यात आधी कोणाची चौकी बसेल' हे कलम नव्याने लिहून घ्यायला हवं होतं.

---

मिऱ्या_बंदर

पेशव्यांनी इंग्रजांची मदत घेऊन स्वतःचं आरमार बुडवलं, असं म्हणून विषय संपवतात. मला ते अर्धवट वाटतं. नानासाहेबांच्या बाजूने पाहा. तुळाजी पेशव्यांची सत्ता जुमानत नव्हता. त्याच्या किल्ल्यांना वेढा घालायला जमिनीचं सैन्य पुरेसं नव्हतं, कारण समुद्रातून रसद येत राही. समुद्र बंद करणारं दुसरं मोठं आरमार किनाऱ्यावर कोणाकडे होतं? इंग्रजांकडेच. म्हणून युती करणं चुकीचं नव्हतं. आरमार कसं मिळवायचं याचा करार झाला, ते जळू नये याचा झाला नाही, हे चुकलं. सापडलेली जहाजं वाटून घ्यायचं कलम होतं, पण जहाजं शाबूत ताब्यात घ्यायची जबाबदारी कोणावर टाकलीच नव्हती. जळालेल्या जहाजांचा हिस्सा कोणाला मागणार?

यानंतरही विजयदुर्गला पेशव्यांचं आरमार उभं राहिलं. आनंदराव धुळपांनी ८ एप्रिल १७८३ ला रत्नागिरीजवळ इंग्रजांचं 'रेंजर' पकडलं, हे विसरू नये. पण बंदर आणि किल्ला आठ महिन्यांनी परत मिळाले, तशी जळालेली जहाजं मिळणार नव्हती. एवढी बांधणी परत करायला लाकूड, सुतार आणि वर्षानुवर्षांचा पैसा लागतो.

---

दंडा_राजपुरी

जंजिऱ्याची १७३३ ची मोहीम या चर्चेत हवीच, कारण तिथे युती परक्यांची नव्हती. सगळे छत्रपती शाहूंचे सरदार होते. तरीही तेच तीन प्रश्न आले.

फेब्रुवारीत सिद्दी रसूल याकूत वारला, वारसांत भांडण लागलं. मराठ्यांनी अब्दुल रहमानचा पक्ष घेतला. जमिनीवर बाजीराव आणि फत्तेसिंह भोसले, समुद्रावर सेखोजी आंग्रे, शिवाय शाहूंच्या दरबारातले मोठे पदाधिकारी प्रतिनिधी. बाजीराव राजपुरीला पोचले मेच्या सुरुवातीला. कोकणात राहणाऱ्याला पुढचं सांगायला नको. आगोट, म्हणजे पावसाळ्याची सुरुवात, लागली की गुराबा खाडीत ओढून घ्याव्या लागतात, नारळी पौर्णिमेपर्यंत समुद्र बंद. म्हणजे वेढ्याच्या आरमारी बाजूला मिळाले जेमतेम काही आठवडे. जमिनीवरचा वेढा पावसातही चालू ठेवता येतो, पण जंजिरा चारी बाजूंनी पाण्यात. समुद्राची बाजू उघडी राहिली की वेढ्याला अर्थ उरत नाही, आणि सिद्दीला इंग्रजांची मदत मिळत राहिली.

त्यात ८ जूनला प्रतिनिधींच्या लोकांनी परस्पर बोलणी करून सिद्दीकडचा रायगड घेतला. रायगड परत आला याचा आनंद मोठाच होता. पण बाजीरावांच्या बेतात तो अशा रीतीने नव्हता, आणि दोघांतला बेबनाव वाढला. ऑगस्टअखेर सेखोजी वारले, आंग्र्यांच्या भावाभावांत वाद सुरू झाला. डिसेंबरात तह: अब्दुल रहमान नवाब, अकरा महाल अर्धे-अर्धे वाटून. जंजिरा सिद्दीकडेच राहिला.

सरदार आपले असले म्हणजे हुकूम आपोआप एक होत नाही. उलट, आपल्यातल्यांशी लेखी कलमं करायची पद्धत नसल्याने गोंधळ जास्त होतो.

---

अष्टागर_वाचक

प्रश्न: मग युती न करता जिंकलेलं उदाहरण आहे का? वसई १७३९?

---

रेवदंडा_आगर

वसईतही युती होतीच, पण ती वेगळ्या तऱ्हेने वापरली गेली. चिमाजी अप्पांचं खरं काम पोर्तुगीजांना युती करू न देणं हे होतं. व्यंकटराव घोरपडे जानेवारी १७३९ मध्ये गोव्यावर चालून गेले. हेतू गोवा जिंकण्याचा नव्हता, गोव्यातून वसईला कुमक निघू नये हा होता. मानाजी आंग्र्यांची गलबतं समुद्रावर होती. मुंबईकर इंग्रजांनी वसईच्या कप्तानाला दिलं ते थोडी तोफेची दारू आणि १५ हजार रुपयांचं कर्ज, तेही चर्चमधली चांदी गहाण ठेवून. ती मदत वेळ काढण्यापुरतीसुद्धा पुरली नाही.

१६ मे १७३९ ला तह झाला. पावसाळ्याला पंधरा-वीस दिवस उरले असताना. आणखी महिनाभर वसई टिकली असती तर सुरुंगांत पाणी भरलं असतं आणि मोर्चे सोडावे लागले असते. चिमाजींनी शेवटच्या दिवसांत इतकी माणसं खर्ची का घातली, त्याचं उत्तर पंचांगात आहे.

शरणागतीच्या अटी चिमाजींनी उदार दिल्या. सैन्याला शस्त्रांसह बाहेर पडू दिलं, आठ दिवसांची मुदत दिली. इथे आत शिरणारा एकच होता, म्हणून अटी पाळल्या गेल्या. विजयदुर्गासारखी मधे उभं राहणारी तिसरी फौज नव्हती.

---

बोरघाट

किनाऱ्याबाहेरचं पण किनाऱ्याला भिडणारं उदाहरण: १७८० ची नाना फडणिसांची चौकडी. पुणे, म्हैसूरचा हैदर, निजाम, नागपूरकर भोसले, सगळे इंग्रजांविरुद्ध. कागदावर हिंदुस्थानातली सर्वांत मोठी युती. प्रत्येकाने आपापल्या बाजूने एकाच वेळी इंग्रजांवर चालून जायचं असा बेत.

हैदर जुलै १७८० मध्ये कर्नाटकात (तेव्हाच्या अर्थाने मद्रासभोवतालच्या मुलखात) उतरला आणि १० सप्टेंबरला पोल्लिलूरला इंग्रजांची तुकडी पार बुडवली. निजाम हललाच नाही. गुंटूर परत मिळाल्यावर त्याचं समाधान झालं. भोसल्यांना इंग्रज गव्हर्नर-जनरल हेस्टिंग्जने पैसे देऊन बंगालपासून दूर ठेवलं. म्हणजे चारांतले दोन पहिल्याच वर्षी बाजूला. उरलेल्या दोघांनी मात्र युद्ध फिरवलं. इंग्रज सेनापती गॉडार्डने डिसेंबर १७८० मध्ये वसई घेतली, बोरघाटापर्यंत आला, पण मद्रासवर हैदरचा दाब असल्याने त्याला कुमक मिळेना. एप्रिल १७८१ मध्ये तो पनवेलकडे मागे फिरला, तेव्हा मराठ्यांनी वाटेत त्याची चारशेहून अधिक माणसं मारली किंवा जखमी केली.

युतीचं बळ इथे नेमकं दिसतं. हैदरचा एक सैनिकही कोकणात आला नव्हता, तरी बोरघाटाची लढाई हैदरमुळे जिंकता आली. शत्रूला दोन ठिकाणी एकाच वेळी सैन्य ठेवायला लावणं हाच युतीचा खरा फायदा. एकत्र छावणी करण्याची गरज नसते. शेजारी-शेजारी छावणी केली की उलट रसद, हुकूम आणि लूट यांची भांडणं लागतात. कुलाब्याला तेच झालं.

शेवट पुन्हा परस्पर तहाने. १७ मे १७८२ ला महादजींनी सालबाईचा तह केला. नानांनी त्यावर शिक्का लगेच उठवला नाही. हैदर हाताशी असेपर्यंत इंग्रजांवर दाब राहतो हे त्यांना ठाऊक होतं. ७ डिसेंबरला हैदर वारला, त्यानंतर महिना संपायच्या आत नानांनी तह कायम केला. वसई परत मिळाली, साष्टी इंग्रजांकडे राहिली. टिपू एकटा १७८४ च्या मंगळूरच्या तहापर्यंत लढला.

माझं मत: नानांचे ते सात महिने ही मराठी मुत्सद्देगिरीतली फार वरच्या दर्जाची गोष्ट आहे. सही न करणं हेसुद्धा हत्यार असतं.

---

मिऱ्या_बंदर

महायुद्धांत हेच प्रश्न कसे सोडवले, ते थोडक्यात. ५ सप्टेंबर १९१४ ला ब्रिटन, फ्रान्स, रशियाने लंडनला जाहीर केलं की कोणी वेगळा तह करणार नाही. रशियाने मार्च १९१८ मध्ये ब्रेस्ट-लिटोव्हस्कला केला. कारण कुलाब्याचंच: जर्मन फौजा रशियाच्या भूमीवर होत्या, ब्रिटनच्या नव्हत्या.

हुकूमाचा प्रश्न सुटायला साडेतीन वर्षं लागली. जर्मनांनी मार्च १९१८ मध्ये ब्रिटिश आणि फ्रेंच आघाड्यांच्या सांध्यावर घाव घातला, तेव्हा २६ मार्चला फ्रान्समधल्या दुलांस इथे फ्रेंच सेनापती फॉशकडे दोन्ही सैन्यांचा मेळ घालायचं काम दिलं गेलं. तोपर्यंत राखीव फौज कोणी कोणाला द्यायची हे पत्रापत्रीने चाले. शत्रू सांध्यावरच घाव घालतो, कारण तिथे दोन हुकूम भेटतात.

दुसऱ्या महायुद्धात जर्मनी-जपानची युती होती, पण जपानने १३ एप्रिल १९४१ ला सोव्हिएतांशी तटस्थतेचा करार केला आणि तो पाळला. सायबेरियातल्या तुकड्या मॉस्कोसमोर आणता आल्या त्यात याचा वाटा आहे. नाव युतीचं, पण दोन युद्धं वेगवेगळी लढली.

---

वाघोटन

आणि 'आत कोण' हा प्रश्न १९४५ मध्येही होता. पोलंडचं भवितव्य ठरवताना याल्टाला कितीही चर्चा झाली तरी पोलंडमध्ये उभं होतं सोव्हिएत सैन्य. क्लाइव्ह विजयदुर्गासमोर उभा राहिला तसंच.

---

हर्णैकर

पूर्ण सहमत नाही. त्याच वर्षीचं उलट उदाहरण घ्या. जर्मनीचे ताब्याचे विभाग सप्टेंबर १९४४ मध्ये लंडनच्या करारात नकाशावर रेघा मारून ठरले होते. युद्ध संपलं तेव्हा अमेरिकन सैन्य त्या रेघेच्या बरंच पूर्वेला, थुरिंगिया आणि सॅक्सनीत होतं. जुलै १९४५ मध्ये ते मागे सरलं, आणि त्याच सुमारास अमेरिका-ब्रिटनला पश्चिम बर्लिनमधले आपले विभाग ताब्यात मिळाले. म्हणजे आत असलेलं सैन्य बाहेर निघालं. का? रेघ नेमकी होती, आणि सोडण्याच्या बदल्यात तेवढंच मोलाचं काही हातात पडणार होतं.

१७५५ च्या करारात ही अदलाबदल नव्हती. बाणकोट इंग्रजांना पहिल्याच वर्षी मिळून गेलं. विजयदुर्ग पेशव्यांच्या हाती दिल्याशिवाय बाणकोट मिळणार नाही असं कलम असतं, तर फेब्रुवारी १७५६ ला क्लाइव्हला मधे उभं राहून काही फायदा नव्हता. हवं ते आगाऊ मिळालेल्या भागीदाराकडून उरलेलं काम वसूल करणं अवघड.

---

थळचा_किनारा

हर्णैकर, हा मुद्दा मूळ धाग्यात चौथा म्हणून यायला हवा: मोबदला कोणत्या टप्प्यावर मिळतो. कुलाबा १७२१ मध्येही पाहा. करारात पोर्तुगीजांना पहिला किल्ला, इंग्रजांना दुसरा. म्हणजे पहिल्या लढाईत इंग्रज दुसऱ्याच्या फायद्यासाठी माणसं घालत होते. त्या हल्ल्यात जीव ओतायला कोणाला कारण होतं?

---

अष्टागर_वाचक

हे करार मुळात वाचायचे असतील तर सुरुवात कशी करावी? मराठी, इंग्रजी, पोर्तुगीज कागदांत तारखा जुळत नाहीत, त्यामुळे कोणी आधी काय केलं ते कळत नाही.

---

रेवदंडा_आगर

तारखा जुळत नाहीत कारण दिनदर्शिका वेगळ्या. १७५२ पर्यंत इंग्रज जुनी पद्धत वापरत, पोर्तुगीज नवी. अठराव्या शतकात फरक ११ दिवसांचा. वसईची शरणागती इंग्रजी कागदांत ५ मे, पोर्तुगीज कागदांत १६ मे, दिवस एकच. दुसरी अडचण याहून फसवी: जुन्या इंग्रजी पद्धतीत वर्ष २५ मार्चला बदले. म्हणून जानेवारी १७२२ मधलं मुंबईचं पत्र 'जानेवारी १७२१' असं दिसतं, आणि वाचणाऱ्याला ते कुलाब्याच्या मोहिमेआधीचं वाटतं. मराठी कागदांत शक, तिथी, आणि बरेचदा अरबी सुहूर सन. तिथी असेल तर जंत्रीतून दिवस पक्का काढता येतो, नुसता सुहूर सन असेल तर वर्षच मिळतं.

काम असं करा: एका कागदावर चार रकाने पाडा, तीन मूळ तारखांचे आणि चौथा नव्या पद्धतीच्या तारखेचा. प्रत्येक पत्र चौथ्या रकान्यात बसवल्याशिवाय मजकूर जुळवू नका. १७२१ च्या डिसेंबर-जानेवारीची पत्रं अशी लावली की पोर्तुगीजांनी बोलणी कोणत्या दिवशी सुरू केली आणि इंग्रजांना ते कधी कळलं, हे दोन वेगळे दिवस दिसू लागतात. त्याच कागदावर प्रत्येक दिवसाची तिथीही लिहा. अष्टमीच्या आसपास भांगाची भरती, पाणी कमी चढतं-उतरतं. अमावास्या-पौर्णिमेला उधाण, ओहोटी खोल जाते. कुलाब्याच्या तटावरचा हल्ला त्यातल्या कोणत्या पाण्यावर निघाला हे तिथीवरून लगेच दिसतं, आणि मग कोणाच्या उशिरामुळे काय बिघडलं यावर पुराव्याने बोलता येतं.